दोन दगड आणि दोन नावे : मॅक्रोसेफॅलाइटिसच्या वर्गीकरणाविषयी

काही महिन्यांपूर्वी एक शिक्षक-वाचक दोन दगड घेऊन आमच्याकडे आले. शाळेच्या प्रयोगशाळेतील कपाट आवरताना ते त्यांना सापडले होते. कोणे एके काळी कच्छच्या सहलीहून कोणीतरी ते आणले असावेत. दोन्ही अमोनाइटचे जीवाश्म होते. एक वीतभर व्यासाचा, फुगीर, बाहेरचा वेढा जवळजवळ गुळगुळीत असलेला. दुसरा मोठ्या लिंबाएवढा, त्याच्यावर शेवटपर्यंत कंगोरे ठसठशीत. दोहोंना चिकटवलेल्या कागदांवर जुन्या वळणाच्या अक्षरांत नावे होती. मोठ्यावर ‘इंडोसेफॅलाइटिस, चारी, कच्छ’ आणि लहानावर ‘कॅम्प्टोकेफॅलाइटिस, चारी, कच्छ’. शिक्षकांचा प्रश्न साधा होता. नववीच्या मुलांनी विचारले होते की, या दोन प्राण्यांत नेमका फरक कोणता? पुस्तकात दोघांचीही नावे सापडत नाहीत, तेव्हा त्यांना काय सांगावे?

हा प्रश्न आम्हांला वाटला तितका सोपा निघाला नाही. त्याचे उत्तर शोधताना आम्हांला ज्या ग्रंथाकडे वळावे लागले, त्याचीच चर्चा या लेखात करायची आहे. तो ग्रंथ म्हणजे लिओनार्ड फ्रँक स्पाथ यांनी कच्छच्या जुरासिक काळातील शीर्षपाद प्राण्यांवर लिहिलेला मोठा प्रबंध. ‘पॅलिऑन्टॉलॉजिया इंडिका’ या भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या मालेत १९२७ ते १९३३ या काळात तो सहा भागांत प्रसिद्ध झाला. नऊशेच्या वर पाने, शंभराहून अधिक चित्रपृष्ठे आणि शेकडो जातींची वर्णने असा त्याचा पसारा आहे. कच्छच्या जीवाश्मांवर काम करणाऱ्याला आजही तो उघडल्याशिवाय गत्यंतर नाही. आमच्या शिक्षकमित्रांच्या दगडांवरची नावेही या ना त्या मार्गाने त्यातूनच आलेली.

आधी थोडी पूर्वपीठिका. अमोनाइट म्हणजे माकूळ आणि अष्टपाद यांचे नातेवाईक. समुद्रफेन ज्या प्राण्याच्या पाठीत असतो त्याचेही ते दूरचे भाऊबंद. बाहेर सर्पिल शंख, शंखाच्या आत पडद्यांनी पाडलेले कप्पे, आणि शेवटच्या मोकळ्या कप्प्यात प्राणी. पडदा जिथे शंखाच्या भिंतीला चिकटतो तिथे नागमोडी रेषा उमटते, तिला शिवणरेषा म्हणतात. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, डायनोसॉर नाहीसे झाले त्याच सुमारास, हा गट संपला. आपल्याकडे घराघरांत पूजले जाणारे गंडकीचे शाळिग्राम हे पुष्कळदा अमोनाइटच असतात. तेव्हा शिक्षकांनी वर्गात विचारून पाहावे, एखाद्या मुलाच्या देवघरात जुरासिक काळचा पाहुणा निघायचा. महाराष्ट्राचा बहुतेक भाग लाव्ह्याने झाकलेला असल्यामुळे आपल्या पायाखाली मात्र हे जीवाश्म मिळत नाहीत. त्यासाठी कच्छकडे जावे लागते. भूजच्या वायव्येला कीरा, जुमारा, जारा या टेकड्यांभोवती जुरासिक समुद्राच्या तळाचे थर उघडे पडले आहेत, आणि काही थरांत अमोनाइट अक्षरशः पायाला लागतात.

या अमोनाइटांची नावे ठेवण्याचा उद्योग जुना आहे. कॅप्टन ग्रँट यांनी कच्छचा भूवैज्ञानिक नकाशा केला, त्यांनी जमवलेले जीवाश्म लंडनला गेले आणि १८४० मध्ये जे. डी. सी. सॉवर्बी यांनी त्यांची वर्णने छापली. पुढे सर्वेक्षणात असलेल्या फर्डिनांड स्टोलिक्झका यांनी कच्छच्या थरांची पच्छम, चारी, कटरोल आणि उमिया अशी विभागणी केली. १८७४ मध्ये यारकंदहून परतताना लडाखच्या वाटेवर स्टोलिक्झका वारले. कच्छच्या अमोनाइटांचे काम विल्हेल्म वागेन यांनी हाती घेतले आणि १८७३ ते १८७५ या काळात पहिला मोठा प्रबंध प्रसिद्ध केला. आमच्या दोन दगडांसारखे फुगीर शंख वागेन यांनी ‘स्टेफॅनोसेरस’ या प्रशस्त प्रजातीत ठेवले होते. ‘मॅक्रोसेफॅलाइटिस’ हे नाव १८८४ मध्ये झिटेल यांनी दिले. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ ‘मोठ्या डोक्याचा’. डोके अर्थातच कोणी पाहिलेले नाही. फुगीर शंखाला पाहून दिलेले ते नाव आहे.

इथे एक खुलासा. आपल्या पाठ्यपुस्तकांप्रमाणे आम्ही ‘प्रजाती’ हा शब्द जातीच्या वरच्या पायरीसाठी वापरत आहोत. वर्तमानपत्रे अलीकडे जातीलाच प्रजाती म्हणू लागली आहेत, त्यामुळे मुलांचा गोंधळ होतो. आंबा आणि त्याच्या रानटी भावंडांची मिळून एक प्रजाती, त्यातला आपला आंबा ही एक जाती.

आता स्पाथ. १८८२ ते १९५७ हा त्यांचा काळ. लंडनच्या ब्रिटिश म्युझियमच्या निसर्गविज्ञान विभागात बसून त्यांनी जगभरचे अमोनाइट पाहिले. त्यांची नजर विलक्षण होती यात शंका नाही. याच प्रबंधात त्यांनी १९२८ मध्ये आर्क्टिक प्रदेशातील, मॅक्रोसेफॅलाइटिससारख्या दिसणाऱ्या शंखांना ‘आर्क्टोसेफॅलाइटिस’ अशी वेगळी प्रजाती दिली. तोपर्यंत हे उत्तरेचे शंख आणि कच्छचे शंख एकाच नावाखाली नांदत होते. आज हे आर्क्टिक शंख पूर्णपणे वेगळ्या कुलात ठेवतात. फुगीर आकार आणि बारीक कंगोरे हे रूप दोन वेगळ्या घराण्यांत स्वतंत्रपणे आले होते, आणि ते स्पाथ यांनी फोडून दाखवले. हे श्रेय त्यांना दिल्याशिवाय पुढची टीका करणे अन्यायाचे होईल.

पण फोडण्याची ही सवय कच्छमध्ये त्यांना फार दूर घेऊन गेली. त्यांच्या आधी सिडनी बकमन या इंग्रज अभ्यासकाने अमोनाइटांच्या प्रजातींचा पाऊस पाडला होता. डोलिकेफॅलाइटिस, कॅम्प्टोकेफॅलाइटिस, प्लुरोसेफॅलाइटिस ही नावे बकमन यांची. लांब डोक्याचा, वाकड्या डोक्याचा, अशी त्यांची गंमत आहे. स्पाथ यांनी ही नावे कच्छच्या शंखांना लावली, त्यात स्वतःची इंडोसेफॅलाइटिस, नॉथोसेफॅलाइटिस अशी भर घातली, आणि प्रत्येक प्रजातीत जातींची रांग लावली. थोडा चपटा शंख ही एक जाती, थोडा फुगीर ही दुसरी, नाभी जरा रुंद असली की तिसरी. चित्रपृष्ठे चाळताना आम्हांला वारंवार वाटत राहिले की, या दोन चित्रांमध्ये जेवढा फरक आहे तेवढा आमच्या घरातल्या दोन भावांमध्येही आहे.

ही तक्रार आमची एकट्याची नाही, आणि ती केवळ वाटण्यावर उभी नाही. जिवंत प्राण्याचा अभ्यासक एका ठिकाणचे शंभर नमुने घेतो, मोजतो, आणि मग त्यांच्यात किती वैविध्य चालते ते ठरवतो. कोकणच्या काही वाळूच्या किनाऱ्यांवर बटनाएवढे चपटे, चकाकते शंख हजारोंनी मिळतात. शिक्षकांनी ते मूठभर गोळा करून मुलांसमोर ओतावेत. करडे, गुलाबी, पट्ट्यापट्ट्यांचे, ठिपक्यांचे असे पंधरा प्रकार मुले सहज वेगळे काढतील. ते सारे अंबोनियम या प्रजातीच्या एकाच जातीचे असतात. मुलांनी केलेले पंधरा ढीग चुकीचे नसतात. चूक होते ती त्या ढिगांना पंधरा प्राणी समजण्यात.

अमोनाइटांच्या बाबतीत ही गोष्ट १९६६ मध्ये वेस्टरमन यांनी फार चांगल्या रीतीने दाखवली. इंग्लंडमधील सोनिनिया या प्रजातीचे, बकमन यांनी डझनावारी जातींत विभागलेले शंख त्यांनी एकत्र मांडले. फुगीर शंखांवर कंगोरे भरड असतात, चपट्यांवर बारीक असतात, आणि दोन टोकांच्या मध्ये कुठेही तुटक जागा नाही, असे त्यांना आढळले. शंखाची जाडी आणि कंगोऱ्यांचा भरडपणा एकमेकांचा हात धरून बदलतात. त्या सगळ्या जाती मिळून वेस्टरमन यांनी एकच जाती मानली. तिचे नाव सोनिनिया अॅडिक्रा, आणि हे जातिनाम १८६७ मध्ये देणारे गृहस्थ म्हणजे कच्छचे आपले वागेन. कंगोरे आणि जाडी यांचे हे नाते मॅक्रोसेफॅलाइटिसमध्येही दिसते. मग जाडी हे एक लक्षण आणि कंगोरे हे दुसरे, अशी दोन साक्षींची बेरीज करून नवी जाती उभी करता येत नाही. ती एकाच साक्षीदाराची दोनदा नोंदवलेली जबानी होते.

दुसरी अडचण याहून मोठी आहे, आणि आमच्या दोन दगडांशी तिचा थेट संबंध आहे. १९६२-६३ च्या सुमारास पोलंडमध्ये हेन्रिक मकोव्स्की आणि इंग्लंडमध्ये जॉन कॅलोमन यांनी स्वतंत्रपणे एक गोष्ट मांडली. जुरासिक अमोनाइट पुष्कळदा जोड्यांनी मिळतात. एक मोठा, वाढ पुरी झाल्यावर गुळगुळीत होणारा. दुसरा लहान, शेवटपर्यंत कंगोरे टिकवणारा. दोघांचे आतले वेढे मात्र हुबेहूब सारखे. लहान शंख म्हणजे मोठ्याचे पोर असेल ही शंका साहजिकच मनात येते, पण तसे नसते. वाढ पुरी झालेल्या शंखात शेवटचे पडदे दाटीने येतात, शेवटचा वेढा किंचित सुटा होतो, तोंडाची कड बदलते. ही प्रौढपणाची चिन्हे लहान शंखातही असतात. तेव्हा हे दोन नमुने एकाच जातीचे नर आणि मादी असले पाहिजेत. मोठा तो बहुधा मादीचा, कारण अंडी वाहायला जागा लागते. मऊ अवयव जवळजवळ कधीच टिकत नसल्याने ‘बहुधा’ हा शब्द सोडता येत नाही. जाता जाता सांगायला हरकत नाही की कॅलोमन पेशाने रसायनशास्त्राचे प्राध्यापक होते. अमोनाइट हा त्यांचा फावल्या वेळेचा छंद.

नर-मादीतला एवढा फरक मुलांना खरा वाटत नसेल तर त्यांना अर्गोनॉटची गोष्ट सांगावी. हा अष्टपादांचा भाऊबंद आजही समुद्रात आहे. मादी कागदासारखा पातळ सुंदर शंख बनवते, नर तिच्यापुढे चिमुकला आणि त्याला शंख नाहीच. मीलनाच्या वेळी नराचा एक हात तुटून मादीच्या शरीरात राहतो. कुव्हिए यांच्यासारख्या थोर प्राणिशास्त्रज्ञाने १८२९ मध्ये तो हात परजीवी कृमी समजून त्याला स्वतंत्र प्रजातीचे नाव देऊन टाकले होते. जिवंत प्राण्याबाबत हे घडते, तर दगड झालेल्याबाबत स्पाथ यांना फार दोष देणे बरे नव्हे.

मॅक्रोसेफॅलाइटिसच्या बाबतीत हे जोडीचे गणित लावले की स्पाथ यांच्या मांडणीला मोठी खिंडारे पडतात. १९७८ मध्ये फ्रान्सच्या थिएरी यांनी या गटावर मोजमापांनी भरलेला मोठा प्रबंध लिहिला. चपट्या मॅक्रोसेफॅलाइटिसचा जोडीदार म्हणजे डोलिकेफॅलाइटिस, आणि फुगीर इंडोसेफॅलाइटिसचा जोडीदार म्हणजे कॅम्प्टोकेफॅलाइटिस, अशी जुळणी पुढे आली. म्हणजे आमच्या शिक्षकांच्या कपाटातील दोन नावे ही दोन प्रजाती नसून एकाच घरातील दोन माणसे असण्याचा संभव मोठा. कच्छमधल्याच खेरायसेरस या स्पाथ यांच्या आणखी एका प्रजातीबाबत कोलकात्याच्या जादवपूर विद्यापीठातील बर्धन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९४ मध्ये अशाच जोडीचा शोध मांडला.

इथे आमची टीका स्पाथ यांच्यापुरती थांबत नाही. त्यांच्यानंतरच्या काही अभ्यासकांनी जोडी मान्य केली, पण नावे सोडली नाहीत. मॅक्रोसेफॅलाइटिस ही एकच प्रजाती म्हणायची आणि तिच्या पोटात डोलिकेफॅलाइटिस, कॅम्प्टोकेफॅलाइटिस या ‘उपप्रजाती’ ठेवायच्या, असा हा मध्यममार्ग. उपप्रजाती म्हणजे जातींचा गट. तो नर एका बाजूला आणि माद्या दुसऱ्या बाजूला असा पाडता येत नाही. कोंबड्याला एक उपप्रजाती आणि कोंबडीला दुसरी असे कोणी म्हटले, तर सहावीचे मूलही हसेल. जीवाश्मांच्या बाबतीत मात्र हे कित्येक वर्षे गंभीर चेहऱ्याने छापले जात होते. कारण समजण्यासारखे आहे. जोडी लावताना चूक झाली तर जुनी नावे हाताशी असावीत ही सावधगिरी. पण मग ती चिठ्ठी आहे, वर्गीकरण नव्हे, असे स्पष्ट लिहायला हवे होते.

यात बिघडते काय, नावे थोडी जास्त झाली तर झाली, असे एखाद्याला वाटेल. बिघडते ते असे. पृथ्वीवर कोणत्या काळात किती प्रकारचे प्राणी होते, कोणत्या संकटात किती नष्ट झाले, याचे जे आलेख आपण पुस्तकांत पाहतो, ते प्रजातींची नावे मोजून काढलेले असतात. नर आणि मादी यांची दोन नावे मोजली की एक प्राणी दोन होतो. शिवाय एखादी प्रजाती फक्त कच्छमध्ये आढळते असे म्हटले की जुरासिक काळात कच्छचा समुद्र इतरांपासून किती तुटलेला होता याचे अनुमान बदलते.

आणि मुख्य म्हणजे काळ. अमोनाइट हे जुरासिक थरांचे घड्याळ आहे. आल्बर्ट ओपेल यांनी १८५६ ते १८५८ च्या ग्रंथात युरोपातील थरांना अमोनाइटांची नावे दिली, त्यात ‘मॅक्रोसेफॅलस विभाग’ होता. तो कॅलोव्हियन या कालखंडाचा, म्हणजे सुमारे १६.५ कोटी वर्षांपूर्वीचा, आरंभ मानला गेला. साहजिकच कच्छमध्ये मॅक्रोसेफॅलाइटिस दिसला की थर कॅलोव्हियनचा, असा हिशेब झाला. १९८७ मध्ये कृष्णा आणि वेस्टरमन यांनी कच्छच्या थरांत हे शंख कोणत्या क्रमाने येतात ते पाहिले. सर्वांत खालचे मॅक्रोसेफॅलाइटिस त्याआधीच्या बॅथोनियन खंडातील आहेत असे दिसले. इंडोनेशियातील सुला बेटांवरही १९८८ मध्ये तेच आढळले. म्हणजे ही प्रजाती हिंदी महासागराच्या बाजूला आधीच नांदत होती आणि युरोपात नंतर पोहोचली. एका नावाला एक तारीख चिकटवल्यामुळे घड्याळ इतकी वर्षे पुढे लागले होते. त्यात आणखी एक फजिती झाली. ज्या नमुन्यावरून श्लोथाइम यांनी १८१३ मध्ये ‘मॅक्रोसेफॅलस’ ही जाती सांगितली, तो मूळ नमुना कोणत्या थरातला याचा कॅलोमन आणि त्यांच्या जर्मन सहकाऱ्यांनी माग काढला. तो ‘मॅक्रोसेफॅलस विभागा’तला नव्हताच, त्याच्या वरच्या थरातला निघाला. शंभर-सव्वाशे वर्षे रूढ असलेले ते विभागनाम मागे पडले आणि त्याजागी ‘हर्व्हेयी विभाग’ आला.

आमच्या मते स्पाथ यांच्या प्रबंधातील खरे न्यून इथे आहे, नावांच्या संख्येत नाही. लंडनमध्ये आलेल्या संग्रहांवर त्यांनी काम केले. शंख कोणत्या टेकडीवरचा हे त्यांना कळत होते, पण नेमक्या कोणत्या थरातला, त्याच्या शेजारी दुसरे काय होते, हे पुष्कळदा कळत नव्हते. एका थरातील सगळे शंख एकत्र पाहिले तर ते एकाच समूहाचे आहेत हे दिसते. ते सुटे करून टेबलावर मांडले की प्रत्येक शंख एक वेगळी व्यक्ती होतो, आणि वेगळे नाव मागू लागतो. नवल असे की हे भान वागेन यांना होते. १८६९ मध्येच त्यांनी लिहिले होते की एका थरात आढळणारे फरक आणि एकावर एक थरांतून क्रमाने होत जाणारे फरक हे दोन निराळे मानले पाहिजेत. साठ वर्षांनी त्याच कच्छच्या शंखांवर, कितीतरी अधिक साहित्य हाताशी असताना, ही कसोटी लावता आली नाही.

उलट बाजूचाही धोका आम्ही लपवणार नाही. सगळे काही जोडून टाकण्याची हौसही घातक असते. आतले वेढे सारखे म्हणून जोडी, असे म्हणताना ते वेढे खरोखर फोडून पाहिलेले असावे लागतात, आणि दोन्ही शंख एकाच थरातले असावे लागतात. नाहीतर आर्क्टिकचे शंख पुन्हा कच्छच्या घरात येऊन बसतील, आणि स्पाथ यांनी जे बरोबर केले तेही पुसले जाईल.

आपल्या पाठ्यपुस्तकांत वर्गीकरणाचा धडा सृष्टी, संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती, जाती अशा जिन्याने सुरू होतो आणि मुले तो पाठ करतात. यांतल्या कोणत्याही पायरीवर कोणी भांडले होते, हरले होते, मत बदलले होते, याचा त्यात मागमूस नसतो. आमच्या शिक्षकमित्रांनी त्या दोन दगडांवर दोन तास घेतले. मोठ्या दगडाचा एक तुकडा पूर्वीच निखळलेला होता, त्यामुळे आतला वेढा उघडा होता. मुलांनी दोऱ्याने आणि फूटपट्टीने मोजले. लहान शंखाच्या व्यासाएवढ्या जागी मोठ्याच्या आतल्या वेढ्यावरचे कंगोरे मोजून पाहिले, जाडीही पाहिली. आकडे बरेच जवळ आले, पण अगदी एक आले नाहीत. मग नवी चिठ्ठी काय लिहायची यावर वर्गात बरीच हमरीतुमरी झाली म्हणे. दोन मुली शेवटपर्यंत ‘जोडी’ हा शब्द लिहू देईनात.

शेवटी दोन्ही दगडांवर ‘मॅक्रोसेफॅलाइटिस’ असे एकच नाव आले. मोठ्याखाली ‘बहुधा मादी’, लहानाखाली ‘बहुधा नर’. जुने कागद फेकले नाहीत, मागच्या बाजूला तसेच ठेवले. त्याखाली ‘ठिकाण : चारी, कच्छ’ असे लिहिले, आणि पुढच्या ओळीत ‘थर :’ असे लिहून जागा मोकळी सोडली आहे.